चार नंबरच्या खाटेवरचा जीव

रावळपाडा, दहिसर
३ मार्च २०२५

चि. प्रांजल हिस,
आत्याचे आशीर्वाद. वि. वि.

काल तू फोनवर वीस मिनिटं रडलीस आणि त्यातले मला तीन शब्द कळले. म्हातारी, दोरा आणि कात्री. मध्येच तुझे धोंडूकाका विचारत होते की म्हातारी गेली का, आणि भिंतीपलीकडची कुंदा टीव्हीचा आवाज बारीक करून ऐकत होती. आज नळावर तिने मला विचारलं की तुमच्या प्रांजलने कात्रीने कोणाला मारलं. मी म्हटलं, अजून नाही मारलं, पण तिला सांगते, दहिसरला ये म्हणून. चार घागरी भरेपर्यंत ती बोलली नाही.

तेव्हा आता फोन नको. काय झालं ते कागदावर लिही, त्याचा फोटो काढ आणि पाठव. मी पण तसंच करते. टाइप करायला मला सांगू नकोस, मी एक दाबते आणि तो मेला दुसरंच लिहितो. माझं शिक्षण चौथी, जोडाक्षर चुकलं तर चुकलं. तू काही माझी शाळेतली बाई नाहीस.

आणि रिपोर्ट द्यावा तसं लिही. पेशंट कोण, काय झालं, आता काय. रडायचं ते लिहून झाल्यावर रड.

जावईबापूंना आशीर्वाद सांग. त्या बर्फात माणूस नुसती पानं खाऊन कसा राहतो ते मला एकदा बघायचंय.

लोभ आहे तेवढा आहे. आमची खोली दहा बाय बाराची, वाढवायचा तर तुझ्याकडे वाढव.

तुझी आत्या,
विमल


विस्कॉन्सिन
४ मार्च २०२५

ती. आत्यास,
सा. न. वि. वि.

रिपोर्ट देते.

पेशंट शाँग आजी, वय बहात्तर. पित्ताशयात खडे, सूज, ताप. शुक्रवारी सकाळी ऑपरेशन होतं. आमच्या या छोट्या गावात हमोंग नावाचे बरेच लोक राहतात. हे मूळचे लाओस देशातल्या डोंगरांतले. तिकडे लढाई झाली, त्यांची बाजू हरली, तेव्हा मुलं पाठीला बांधून नदी ओलांडून पळाले, पलीकडच्या देशात छावणीत वर्षानुवर्षं राहिले आणि मग इथे आले. आजींना इंग्रजी येत नाही. त्यांची मुलगी येर सोबत होती, ती इथल्या एका शाळेच्या स्वयंपाकघरात काम करते.

ऑपरेशनआधीच्या खोलीत चार नंबरच्या खाटेवर मी आजींना तयार करत होते. त्यांच्या दोन्ही मनगटांवर पांढऱ्या दोऱ्यांचे जुडगे होते, वीसेक दोरे तरी असतील. नियम असा की थिएटरमध्ये जाताना अंगावर काही नको. येर खाली फॉर्म भरत होती. दुभाषी फोनवर यायचा होता, पण नुसतं संगीत वाजत होतं. सर्जन दोनदा डोकावून गेले. मी आजींकडे बघून हसले, सॉरी म्हटलं आणि सगळे दोरे कात्रीने कापून कचऱ्याच्या डब्यात टाकले.

आजी मनगटाकडे बघत राहिल्या. मग खाटेवरून उतरल्या, गाऊनवरच स्वेटर चढवला आणि बूट शोधायला लागल्या. येर वर आली, तिला कळलं, आणि ती सरळ डब्यात हात घालायला गेली. डबा रिकामा झाला होता. आदल्या दिवशी घरचे वीस जण जमले होते गं, प्रत्येकाने आजींचं बरं चिंतून एकेक दोरा बांधला होता. त्या दोऱ्यांनी जीव अंगाला बांधून ठेवायचा असतो, गुंगीत तो भरकटू नये म्हणून. तो मी सोडून दिला.

आता आजी घरी आहेत, गोळ्यांवर. सर्जन म्हणाले, गोळ्या दोन-तीन आठवडे वेळ मारून नेतील. पित्ताशय आत फुटलं तर या वयात वाचणं कठीण. पण घरचे म्हणतात, जीव जागेवर नसताना पोट फाडून घेणार नाही.

सगळ्यात वाईट सांगू? आमच्या खानपानाच्या खोलीत भिंतीवर हमोंग पेशंटशी कसं वागावं याचा कागद लावलाय. पहिलीच ओळ दोऱ्यांची आहे. तीन महिने मी त्याच कागदाखाली बसून डबा खातेय. मॅनेजरबाई ओरडल्या असत्या तर बरं वाटलं असतं. त्या फक्त म्हणाल्या की आपण यातून शिकू. आजी गेल्या तर मी काय शिकणार, आत्या?

गावी आईबाबांना कळवू नकोस.

माया होती तशीच ठेव, कमी करू नकोस एवढं मागते.

तुझी,
प्रांजल


रावळपाडा, दहिसर
६ मार्च २०२५

चि. प्रांजल हिस,
आशीर्वाद. वि. वि.

तू गाढव आहेस. हे आधी लिहून टाकते, म्हणजे पुढचं शांतपणे लिहिता येईल.

बारा वर्षं या घरात राहून नर्स झालीस. मी बावीस वर्षं गार्गी मॅडमच्या नर्सिंग होममध्ये ऑपरेशनची मावशी आहे. रोज भाकऱ्या थापताना तुला सगळं सांगायची, तेव्हा तू कानात त्या वायरी घालून बसायचीस. आता ऐक. अंगावर बांधलेली वस्तू कापायची नाही. मंगळसूत्र असेल तर कापूस गुंडाळून वर चिकटपट्टी लावायची. बांगडी निघत नसेल तर तिच्यावर पट्टी. ताईत, गंडा, दोरा, काय असेल ते औषधाने पुसायचं आणि पट्टीखाली झाकायचं. अगदीच काढायला लागलं, तर ज्याने बांधलं त्याला बोलवायचं, त्याच्याच हाताने सोडवायचं, पिशवीत घालून पिशवीवर नाव लिहायचं आणि उशाला टाचायचं. पाच मिनिटं लागतात. तुझ्या सर्जनला पाच मिनिटं थांबता येत नव्हतं, तर त्याला बस पकडायची होती का?

आमच्या मॅडमनी पण हाच घोटाळा केला होता. नवीन होत्या तेव्हा. मढचा एक तांडेल हर्नियासाठी आला होता, होडीवरचा गडी, दरवाजातून आडवा यायचा. मॅडमनी त्याचा करगोटा कापला. आता कमरेचा करगोटा कधी तोडतात, ते त्या मोठ्या डॉक्टरीणबाईंना कोण सांगणार. माणूस मेल्यावर तोडतात. त्या बाबाला वाटलं, यांनी मला आधीच मेल्यात धरलाय. तो टेबलावरून उठला आणि तसाच चालायला लागला, मागून उघडा असतो तो झगा घालून. जिना उतरला, रस्त्यावर आला, रिक्षात बसला आणि म्हणाला मढ. रिक्षावाला म्हणाला, मढ नाही जमणार, परतीचं भाडं मिळत नाही. म्हणून वाचलो, नाहीतर गेलाच होता. त्याची आई पायरीवर बसून छाती बडवत होती आणि समोरच्या मेडिकलवाल्याने दुकान अर्धं बंद केलं.

मी देवळाजवळून नवा करगोटा आणला. मॅडमना सांगितलं, तुम्ही कापला, तुम्हीच हातात घेऊन त्याच्या आईकडे द्या आणि चुकले म्हणा. मॅडम इंग्रजीत काहीतरी जंतूंचं सांगायला लागल्या. मी म्हटलं, जंतू नंतर. मॅडम चुकले म्हणाल्या. आईने पोराला बांधला, मी तो सरकवून छातीवर नेला, पट्टी मारली आणि दीड तासात हर्निया झाला. आजही तो माणूस दिवाळीला सुके बोंबील पाठवतो. मॅडम शाकाहारी, म्हणून ते माझ्याकडे येतात.

तर तू त्यांच्या घरी जा. कार्ड नको, फुलं नकोत, खायचं काहीतरी स्वतः करून ने. मी कापलं म्हण. नियम होता असं म्हणू नकोस. नियम सांगणं म्हणजे माफी नव्हे, ती वकिली. मग काय करायचं ते त्यांनाच विचार आणि तोंड मिटून ऐक. हे तुला जड जाईल, माहीत आहे.

त्या लोकांचं तू लिहिलंस ते काकांना वाचून दाखवलं. ते म्हणाले, म्हणजे आपल्यासारखेच, डोंगर सोडून आले. मी म्हटलं, आपल्याला गिरणीने बोलावलं, त्यांना बंदुकीने हाकललं. फरक आहे. ते म्हणाले, पोरीला सांग लवकर जा.

राग आहे आणि लोभ पण आहे. दोन्ही एकाच डब्यात पाठवतेय, वेगळं करून घे.

आत्या


विस्कॉन्सिन
१० मार्च २०२५

ती. आत्यास,
सा. न. वि. वि.

गेले होते. नारळाच्या वड्या केल्या. तुझ्या जावयाने, यज्ञेशने, मला न विचारता फुलं पण आणली, ती येरने घेऊन बाहेरच्या कट्ट्यावर ठेवली. वड्या आत गेल्या, त्यामुळे तुझंच खरं.

आजी कोचावर पांघरूण घेऊन बसल्या होत्या. मी म्हटलं, दोरे मी कापले, मला विचारायला हवं होतं, चुकले. येरने ते त्यांच्या भाषेत सांगितलं. पुढे नियमाबद्दल एक वाक्य माझ्या जिभेवर आलं होतं, ते वडीबरोबर गिळलं. आजींनी माझा हात धरला, उलटा केला, सुलटा केला आणि येरला काहीतरी विचारलं. येर सांगायला लाजत होती. आजी विचारत होत्या की या मुलीला कोणी नाही का, हिच्या मनगटावर एकही दोरा कसा नाही. आत्या आहे असं सांगितलं.

मग येरचे मामा आले. ते पुठ्ठ्याच्या कारखान्यात माल उचलायची गाडी चालवतात आणि सुट्टीच्या दिवशी त्यांच्या अंगात येतं. त्यांनी आधीच बघून ठेवलं होतं. म्हणाले, कात्री बघून आजींचा जीव घाबरला आणि तिथेच राहिला. चार नंबरच्या खाटेवर बसलाय. घरून हाका मारून येणार नाही, जिथे राहिला तिथे जाऊनच बोलवायला लागेल. त्याला तांदूळ लागेल, अंडं लागेल, उदबत्ती लागेल आणि जिवंत कोंबडी लागेल. कोंबडी पुढे चालते आणि जीव तिच्या मागून घरी येतो.

मी मॅनेजरबाईंना सांगितलं. मला वाटलं होतं, हसतील. त्यांनी वही काढली आणि सगळं लिहून घेतलं. मामा येऊ शकतात, रविवारी सकाळी खोली रिकामी असते, अर्धा तास मिळेल. उदबत्ती पेटवायची नाही, कारण छतावरून पाणी पडायला लागतं. कोंबडी मात्र नाही. इमारतीत जिवंत जनावर चालत नाही, फक्त आंधळ्या माणसाचा कुत्रा चालतो. मी विचारलं, कोंबडीला तशी कुत्र्यासारखी चिठ्ठी मिळेल का. तेव्हा मात्र त्या हसल्या.

उदबत्ती न पेटवता चालेल असं मामा म्हणाले. कोंबडीशिवाय नाही. कोंबडी नाही तर जीव नाही, जीव नाही तर ऑपरेशन नाही. आजींना काल पुन्हा ताप आला, आत्या. सगळं एका कोंबडीवर अडलंय.

तुझ्या शिव्या तीनदा वाचल्या, बरं वाटलं. अशाच येऊ देत.

प्रांजल


रावळपाडा, दहिसर
११ मार्च २०२५

चि. प्रांजल हिस,
आशीर्वाद.

कोंबडीवर अडलंय म्हणून रडतेस. आपल्या गावात कोंबडीवर न अडलेलं एक तरी काम दाखव. तुझ्या आजोबांच्या घराचं छप्पर दोन वर्षं अडलं होतं.

तुझं पत्र गार्गी मॅडमना वाचून दाखवलं, दोन सिझरच्या मध्ये. त्या म्हणाल्या, ताप परत आला म्हणजे गोळ्यांचं काही खरं नाही, येता आठवडा ओलांडू नका. तेव्हा पटपट ऐक.

तुझ्या बाईंचा नियम काय, जनावर इमारतीत नको. मग इमारतीबाहेर ठेवा. त्या खोलीला खिडकी आहे ना? कोंबडी खाली खिडकीसमोर उभी करायची, वरून सगळ्यांना दिसली पाहिजे. जिवाला पण दिसेल. जीव काय जिन्याने उतरतो का? अंडं आत न्यायचं. अंडं म्हणजे कोंबडीच, अजून चालायला लागली नाही एवढंच. अंड्याला कोणी हरकत घेतली तर म्हणावं, आधी तुमचं कॅन्टीन बंद करा.

पण हे सगळं आधी मामांना विचार. ते नाही म्हणाले तर नाही. अंगात येणारा घाडी त्यांचा, घर त्यांचं, जीव त्यांचा. आपण फक्त विचारायचं. आणि कोंबडी तुझ्याकडून. चूक तुझी, कोंबडी येरच्या घरची, असं होत नाही. जावईबापूंना पाठव आणायला. ते मुलुंडचे, घरात कांदासुद्धा मोजून खाणारे, मला माहीत आहे. त्यांना खायची नाहीये, नुसती धरायची आहे. आंघोळ करून धरा म्हणावं, वाटल्यास नंतर परत करा.

अजून एक. मामा त्यांचं करतील, पण चूक तू केलीस, तेव्हा देवापुढे गाऱ्हाणं तू घालायचं. आपल्याकडे बायका घालत नाहीत, पण विस्कॉन्सिनमध्ये मी गाऱ्हाणं घालणारा गावकर कुठून आणू? जावईबापूंना म्हाराजा म्हणायला लावलं तर देव हसून खाली पडेल. काकांना विचारून उतरवून देते, पाठ कर:

बा देवा म्हाराजा, तू हमोंगांचो देव, तुझा नाव माका ठावक नाय. व्हय म्हाराजा. मी दहिसरची प्रांजल, घाईत ह्या म्हातारेचो दोरो कापलंय. चूक माझी आसा, तिची नाय. व्हय म्हाराजा. तिचो जीव ह्या चार नंबरच्या खाटेर भियान बसलो आसा, तेका हाताक धरून तिच्या अंगात नेऊन सोड. व्हय म्हाराजा. डॉक्टराच्या हाताक यश दी. कोंबडी खाली उभी आसा, वर आणूक देणत नाय, तेवढा समजून घे. व्हय म्हाराजा.

व्हय म्हाराजा तू म्हणायचं नाही, ते बाकीच्यांनी म्हणायचं असतं. आधी शिकवून ठेव. एकटीच म्हणशील आणि एकटीच हो म्हणशील तर ते गाऱ्हाणं नाही, वेड लागलं म्हणतात.

लोभाचं नंतर बघू, आधी कोंबडी बघ.

आत्या


रावळपाडा, दहिसर
१९ मार्च २०२५

प्रांजल,

आठ दिवस झाले. कोंबडीचं काय झालं, म्हातारीचं काय झालं, दोघींपैकी एकीची तरी खबर दे. मॅडम रोज विचारतात. कुंदा नळावर विचारते, तिला मी सगळं सांगून टाकलं, काय लपवायचं. तुझे काका जेवताना मध्येच थांबतात आणि मग मला पण जेवण जात नाही.

एक ओळ लिही. वाईट असलं तरी लिही.

आत्या


विस्कॉन्सिन
२३ मार्च २०२५

ती. आत्यास आणि काकांना,
सा. न. वि. वि.

आजी घरी आल्या. ऑपरेशन झालं, नीट झालं. हे पहिलं, म्हणजे काका जेवतील. उशीर केला कारण आजी स्वतःच्या पायांनी घरात शिरेपर्यंत लिहायचं नाही असं ठरवलं होतं.

आता क्रमाने. खिडकीचं मामांना विचारलं, त्यांनी मग येऊन खिडकी पाहिली, खाली गाड्या लावायची जागा पाहिली आणि म्हणाले चालेल, पण कोंबडी डोक्याच्या वर धरायची, तोंड खिडकीकडे. रविवारी सकाळी यज्ञेश एका शेतावरून कोंबडी घेऊन आला. तिला थंडी वाजेल म्हणून त्याने गाडीतला हीटर लावला होता आणि तिच्या खोक्याला सीटबेल्ट. आम्ही सगळे वर. आजी चार नंबरच्या खाटेशेजारी खुर्चीवर, येर, तिचे दोन भाऊ, मामा आणि मॅनेजरबाई. खाली बर्फात एकटा यज्ञेश, हातमोजे घालून, दोन्ही हातांनी कोंबडी वर धरून. ती पंख फडफडवायची की तो डोळे मिटायचा. तेवढ्यात रखवालदार त्याच्याकडे जायला लागला. मला वाटलं संपलं. पण तो रखवालदार हमोंगच निघाला. त्याने यज्ञेशला चूक दाखवली, पंख कसे दाबून धरायचे ते शिकवलं आणि स्वतःची टोपी काढून बाजूला उभा राहिला.

मामांनी तांदूळ आणि अंडं खाटेवर ठेवलं आणि हाका मारायला लागले. लांब, चढत्या सुरात, शेतातून कोणाला घरी बोलवावं तशा. मग माझ्याकडे बघितलं. मी गाऱ्हाणं घातलं. पहिल्या व्हय म्हाराजाला फक्त येर बोलली. दुसऱ्याला तिचे भाऊ बोलले. शेवटच्याला मामा, आजी आणि मॅनेजरबाई, सगळे. तू म्हणालीस ते खरं, एकटीने म्हटलं असतं तर वेड लागल्यासारखं वाटलं असतं. सगळ्यांनी म्हटल्यावर माझ्या छातीवरचं ओझं उतरलं. मामांनी विचारलं, तुमचा देव कोंबडी घेतो का. मी म्हटलं, आमच्याकडचा घेतो, नवऱ्याकडचा नाही. ते म्हणाले, संसार अवघड असेल.

मग दोरे बांधले. आजी म्हणाल्या, कापणारीने आधी बांधायचा. माझी गाठ तीनदा सुटली. आजी हसल्या आणि स्वतः बोट ठेवून गाठ धरली. सोमवारी सकाळी मी त्या सगळ्या दोऱ्यांवर पारदर्शक पट्टी लावली. सर्जनना सांगितलं की पाच मिनिटं लागतील. ते थांबले. त्यांना बस पकडायची नव्हती. पित्ताशय फुटायच्या बेतात होतं म्हणाले, अजून चार दिवस आणि हाताबाहेर गेलं असतं. मॅडमना सांग, त्यांचा अंदाज बरोबर होता.

बुधवारी आजी घरी गेल्या. काल त्यांनी आम्हाला जेवायला बोलावलं. यज्ञेशसाठी भाज्या वेगळ्या केल्या होत्या. ती कोंबडी त्यांच्यात रविवारीच शिजवली होती. मानाचा पाय त्याच्यासाठी बाजूला काढून ठेवला होता, हे ऐकून तो जरा वेळ बाहेर फुलांपाशी जाऊन उभा राहिला. ती फुलं अजून कट्ट्यावरच आहेत.

आणि एक गोष्ट तुला सांगायची आहे, ओरडू नकोस. जेवणानंतर आजींनी येरकरवी विचारलं की तू विमानाने इतक्या लांब आलीस, तेव्हा इथे पोचल्यावर तुझा जीव कोणी बोलावला. त्यांचा नदीपलीकडे पोचल्यावर बोलावला होता, छावणीतून निघताना बोलावला होता, इथे उतरल्यावर पुन्हा बोलावला होता. माणूस विमानाने येतो, पण जीव पायी येतो म्हणतात. मी म्हटलं, माझा कोणी नाही बोलावला. आजींनी डोक्याला हात लावला आणि मामांना हाक मारली.

त्यांनी मला दारात उभं केलं. जीव कुठून यायचा आहे, वाटेतली सगळी ठिकाणं सांग म्हणाले. मी सांगितली. रावळपाडा, हायवे, सहारचा विमानतळ, दोहा, शिकागो. मामा उंबऱ्यावर उभे राहून त्या बर्फाकडे तोंड करून हाका मारायला लागले. हमोंग भाषेत मला एक अक्षर कळत नव्हतं, पण मध्ये मध्ये रावळपाडा यायचं. त्यांच्या तोंडी ते गाण्यासारखं वाटत होतं. मग आजींनी माझ्या मनगटाला दोरा बांधला. त्यांच्यात एका माणसाला तीन जीव असतात. मामा म्हणाले, तुझे तिन्ही तिकडेच राहिले होते, म्हणून तू घाईत होतीस.

खरं खोटं मला माहीत नाही. मी नर्स आहे. पण काल दुपारी मी चार तास गाढ झोपले, इथे आल्यापासून पहिल्यांदा.

तुझ्या पत्रांवाचून हे झालं नसतं. येऊ देत.

तुझी,
प्रांजल


रावळपाडा, दहिसर
२५ मार्च २०२५

चि. प्रांजल हिस,
आशीर्वाद. वि. वि.

पत्र पोचलं. म्हातारी बरी आहे हे वाचून काका दोन भाकऱ्या जास्त जेवले आणि मग त्यांचं पोट दुखलं, ते वेगळं. मॅडमना सांगितलं, त्यांनी सगळ्या नर्सना बोलावून मला पुन्हा पहिल्यापासून वाचायला लावलं. जावईबापूंनी डोळे मिटले त्या जागी सगळ्या हसल्या. त्यांना सांग, हसल्या पण नावं नाही ठेवली. बर्फात उभं राहून परक्या म्हातारीसाठी कोंबडी धरणारा जावई रावळपाड्यात कोणाला आहे? नळावर सांगितलं मी. आता येतील तेव्हा त्यांच्यासाठी काळ्या वाटाण्याची उसळ करीन, हाडाचा वास न लागलेल्या टोपात.

शाँग आजींना म्हणावं, महिनाभर वजन उचलू नका, तेलकट नको. आणि नमस्कार सांग. मोठ्या बहिणीला करतात तसा.

आता तुझ्या जिवाचं. मी ओरडत नाही. माझी चूक आहे. तुला विमानतळावर सोडायला आलो, तेव्हा लोणच्याची बाटली फुटेल का, याचीच मी काळजी करत बसले. पोचल्यावर जीव बोलवायचा असतो हे मला ठाऊक नव्हतं. त्या बाईने परकी असून केलं. तिचे उपकार झाले.

पण तिन्ही एकदम नेले हे बरोबर नाही. मला विचारायचं होतं. तू गेल्यापासून रोज एक कप चहा जास्त होतो, काका म्हणतात तुला अंदाज येत नाही. मला अंदाज येतो. काल आंघोळीचं पाणी काढताना पण तुला हाक मारली, तोंडात बसलंय, आणि ओ नाही आली म्हणून मी काही थांबत नाही, दुसरी मारते.

तेव्हा मामांकडे जा आणि माझा निरोप सांग. दोन तिकडे ठेवून घ्या, पोरगी नांदतेय तिथे, लागतील. एक परत पाठवा. पायी येऊ दे, घाई नाही. वाटेत विमानतळ, हायवे, सगळं त्याला पाठ आहे. इथे जागा कमी आहे, पण जीव किती जागा घेतो. आला की त्याला पुन्हा तिकडून हाका मारू नका म्हणावं. इथे मी मारते.

आत्या